गावाचे निर्णय मतदानाने घ्यावेत की बाजारावर सोडावेत?

तुम्ही प्रश्नाखाली लिहिलंय की गाव लांज्याकडचं, तुम्ही राहता डोंबिवलीला, आणि गावात एका दुकानावरून दोन तट पडलेत. मतदान घेतलं तर एक बाजू कायमची दुखावते, त्यापेक्षा ज्याला जे हवं त्याने त्याचे पैसे मोजावेत, ज्यांना दुकान नको त्यांनी मालकाला पैसे देऊन ते बंद करून घ्यावं, असं तुमचं म्हणणं. आणि शेवटी, "दुकान चालतंय म्हणजे लोकांना हवंय." हे वाक्य वाचलं आणि निवडायला घेतलेले कुळीथ बाजूला ठेवले. माझे धाकटे दीर दर गणपतीला आमच्या पडवीत बसून मला हेच ऐकवतात.

बाजाराशी माझं वैर नाही. दापोली तालुक्यातल्या एका मच्छीमार सोसायटीत मी चौदा वर्षं हिशेब लिहिलेत. हर्णैच्या बंदरावर संध्याकाळी वाळूत लिलाव लागतो तो कधी बघा. सुरमईचा ढीग पडतो, बोली चढते आणि दोन-तीन मिनिटांत सौदा ठरतो. आज माल किती आला, मुंबईला मागणी किती, बर्फ किती उरलाय, उद्या संकष्टी आहे का, हे सगळं त्या एका भावात येऊन बसतं. हे ठरवायला सभा बोलावली असती तर मासा कुजला असता. अर्थशास्त्रज्ञ हायेक यांनी १९४५ साली जे मांडलं, की हजार जणांकडे विखुरलेली माहिती भाव एका जागी आणतो, ते मला पटतं, कारण मी ते रोज बघितलंय.

पण त्या वाळूत बोली लावायला कोण उभं असतं? ज्याच्या कनवटीला पैसे आहेत तो. पुढच्या मोसमात मोठं व्हायचं पापलेट बोली लावत नाही. म्हणून तर १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद ठेवायचा नियम करावा लागतो. एकट्याने होडी वर ओढून भागत नाही, कारण शेजारचा जातो आणि दोघांचा मासा एकटा आणतो. भाव हजर माणसाला बरोबर मोजतो, गैरहजराला मोजतच नाही. तेव्हा मतदान बरं की बाजार, याच्या आधी मी विचारीन, जो तिथे नाही त्याला कोणाच्या बाजूने धरणार? आमच्या गावात याच एका गोष्टीवर सगळं फिरलं.

डिसेंबर २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला, राष्ट्रीय आणि राज्य महामार्गांपासून पाचशे मीटरच्या आत दारूची दुकानं नकोत. १ एप्रिल २०१७ पासून तो लागू झाला. महामार्गावरची दुकानं आत सरकायला लागली आणि त्यातलं एक देशीचं दुकान आमच्या गावात आलं. कसं आलं, तर ग्रामसभेच्या ठरावाने. ग्रामसभेला गणपूर्ती लागते, एकूण मतदारांच्या १५ टक्के किंवा १००, यात जो आकडा लहान असेल तेवढी माणसं. तेवढी जमली नाहीत, सभा तहकूब झाली. तहकूब सभेला गणपूर्तीची अट नाही. त्या दुसऱ्या सभेत सतरा माणसं होती. "ना हरकत" मंजूर. आधी बायकांची वेगळी सभा व्हायला हवी, ती कागदावर झाली. इतिवृत्तात माझं नाव हजर म्हणून आहे. त्या दिवशी मी मुलीच्या बाळंतपणासाठी चिपळूणला होते.

म्हणजे सतरा हजर आणि बाराशेच्या वर गैरहजर. त्या बाराशेंची संमती गृहीत धरली गेली.

दुकान आल्यावर सोसायटीत काय झालं ते माझ्या वहीत दिसतं. खलाशांना आठवड्याची उचल देतो. आधी निम्म्या घरांची उचल बायको न्यायला यायची, शनिवारी दुपारी, पोराला कडेवर घेऊन, आणि तिथून तशीच वाण्याकडे जायची. त्या पावसाळ्यानंतर मोसम सुरू झाला तेव्हा सह्या बदलल्या. बायकांचे अंगठे गेले, पुरुषांच्या सह्या आल्या, तीही शनिवारची वाट न बघता मंगळवारी, बुधवारी, शंभर-दोनशे करून. माझ्या शेजारच्या वाडीतली एक जण उन्हात टोपली घेऊन आली आणि खिडकीपाशी नुसती उभी राहिली. मी म्हटलं, काल नेली त्याने. ती गेली.

भावोजींना मी हेच दाखवलं. दुकान चालतंय ते उचलीच्या पैशांवर. गिऱ्हाईक एक, भोगणारी चार माणसं, आणि त्या चौघांचा आवाज दुकानाच्या गल्ल्यात कुठेच येत नाही.

मग आम्ही बाटलीच्या मतदानाला बसलो. पद्धत बहुतेकांना माहीत असेल. २००८ च्या शासन आदेशाप्रमाणे गावातल्या २५ टक्के स्त्री मतदारांनी सह्या करून अर्ज द्यायचा, अधिकारी सह्या तपासतात, मग गुप्त मतदान. कागदावर दोन चित्रं, उभी बाटली म्हणजे दुकान राहू दे, आडवी म्हणजे बंद करा. आमच्या यादीत ६४२ बायका. १६१ सह्या लागत होत्या, आम्ही २१४ आणल्या. पडताळणीला शाळेत एकेकीला बोलावून विचारलं, सही तुमचीच का, कोणी दबाव टाकला का. दोन वाड्यांतल्या बायकांनी त्या दिवशी घरी सांगितलंसुद्धा नाही, काजू गोळा करायला जातो म्हणून आल्या.

खरी गाठ पुढे आहे. दुकान बंद व्हायला झालेल्या मतांच्या निम्मी मतं पुरत नाहीत. यादीतल्या एकूण बायकांपैकी निम्म्याहून जास्त लागतात. ६४२ च्या निम्म्या ३२१, म्हणजे आम्हाला ३२२ हव्या होत्या. जी आली नाही ती उभ्या बाटलीच्या बाजूने.

आता कोकणातली मतदारयादी काय असते ते तुम्हाला सांगायला नको. ६४२ पैकी १९० नावं मुंबईची. नालासोपारा, दिवा, कांजूर. या बायका शिमग्याला येतात, गणपतीला येतात, ग्रामपंचायतीच्या निवडणुकीला येतात कारण तेव्हा उमेदवार गाडी पाठवतो. मी कार्यालयात जाऊन हात जोडून सांगितलं, साहेब, शिमग्यात ठेवा, पालखी घरोघर फिरते तेव्हा गाव भरलेलं असतं. तारीख मिळाली मार्च २०१८ च्या शेवटच्या आठवड्यातली. पालखी देवळात परत गेली होती आणि चाकरमानी दहा दिवसांपूर्वी गेले होते.

मी आणि बचतगटातल्या तिघी, चौघींनी मिळून १९० घरांना फोन केले. रात्रीच्या एसटीने या, सकाळी शिक्का मारा, दुपारच्या गाडीने जा, जेवण आमच्याकडे. अकरा जणी आल्या. आमच्या जाऊबाई आल्या नाहीत. भावोजी फोनवर म्हणाले, "वहिनी, तिच्या एका मताने काय फरक पडणारे? एक खाडा होईल आणि दोन्हीकडचं तिकीट." १९५७ साली अँथनी डाउन्स या अर्थशास्त्रज्ञांनी हेच लिहून ठेवलंय, एका मताने निकाल फिरायची शक्यता इतकी कमी की जाण्यायेण्याचा खर्चसुद्धा निघत नाही. भावोजींचं गणित चुकलं नव्हतं. त्यांनी ते करायला बसावं, हे मला लागलं.

मतदानाच्या दिवशी एका वाडीतल्या सव्वीस बायकांना फुकट देवदर्शन घडलं. पहाटे गाडी वाडीत आली, संध्याकाळी मतदान संपल्यावर परत. गाडी कोणी पाठवली ते मी इथे लिहीत नाही, गावात सगळ्यांना ठाऊक आहे. समोरच्या बाजूला प्रचार करावाच लागला नाही. बायका घरी राहिल्या किंवा देवाला गेल्या, काम झालं. मॅन्कर ऑल्सन यांनी १९६५ मध्ये सांगितलेली गोष्ट, थोड्यांचा मोठा फायदा असला की ते लगेच एकत्र येतात आणि पुष्कळांचं थोडं थोडं नुकसान असलं की कोणी कोणासाठी हलत नाही, ती मी त्या दिवशी शाळेच्या व्हरांड्यात बघितली. एवढं खरं की आमच्या बायकांचं नुकसान थोडं नव्हतं.

तरी आल्या त्या कशा आल्या! एक कोळीण थेट बंदरावरून, टोपली शाळेच्या पायरीवर ठेवून. शाई लावायला बोट पुढे केलं तर त्यावर खवले चिकटलेले, बाईंनी ते रुमालाने पुसून शाई लावली. एक आजी आत जाऊन बाहेर आली आणि मला मोठ्याने विचारायला लागली, "आडवी म्हंजी निजलेली ना गो? मी निजलेलीवरच मारला." पोलीस हसले. मी तिला गप्प केलं, मत बाद करतील या भीतीने माझे हात थरथरत होते.

निकाल. एकूण मतं ३४५. आडवी ३०१, उभी ३८, बाद ६.

दुकान राहिलं. एकवीस मतं कमी पडली.

तीनशे एकास अडतीस, आणि हरले तीनशे एक. त्या रात्री मी जेवले नाही. मी परत परत तोच हिशेब मांडत होते. मुंबईची १९० नावं यादीत नसती तर एकूण ४५२, आम्हाला २२७ पुरल्या असत्या. आलेल्या अकरा जणी सोडल्या तरी आमच्याकडे निदान २९० होत्या. ज्या बायका त्या दुकानासमोरून कधी पाणी भरायला जाणार नाहीत, त्यांच्या नुसत्या नावांनी ते दुकान उघडं ठेवलं.

आता तुमच्या मूळ सूचनेकडे, मालकाला पैसे देऊन बंद करून घ्या. रोनाल्ड कोस यांनी १९६० मध्ये दाखवलं की सौदा करायला खर्चच येत नसेल तर दोन पक्ष आपसात तडजोड करून निघतील. पण साडेचारशे बायकांना एकत्र आणण्याचा खर्च किती, हे वर सांगितलं. आणि पैसे कुठून आणायचे? त्यांच्या घरचे पैसे शनिवारच्या आत त्याच गल्ल्यात गेलेले असतात. ज्याने पैसे घेतले त्यालाच पैसे देऊन थांबवा, हे तुम्ही डोंबिवलीत बसून म्हणू शकता. माझ्या खिडकीपाशी उभ्या राहिलेल्या बाईला म्हणून बघा.

मतदान म्हणजे सगळं ठीक असंही माझं म्हणणं नाही. केनेथ अॅरो यांनी १९५१ सालीच सिद्ध केलंय की तीन किंवा जास्त पर्याय असले की साध्या, न्याय्य वाटणाऱ्या सगळ्या अटी एकदम पाळणारी मोजणीची पद्धत सापडत नाही. आमच्याकडे तर पर्याय दोनच होते, तरी नियमाने निकाल उलटा लागला. उघडायला सतरा आणि बंद करायला तीनशे बावीस, हा फरक ज्याने ठरवला त्याने निम्मा निकाल आधीच लिहून ठेवला होता. कोणी गावकीचं नाव काढेल, पूर्वी सगळं एकमताने व्हायचं म्हणून. गावकीच्या बैठकीत बाई बसत नव्हती, आणि तिथलं एकमत न मानणाऱ्याला वाळीत टाकायचे. २०१६ साली महाराष्ट्राला सामाजिक बहिष्काराविरुद्ध कायदा करावा लागला, तो काय उगाच?

दोन गोष्टी प्रामाणिकपणे सांगायला हव्यात. निम्म्याची अट अगदी बिनबुडाची नाही. परवाना घेऊन धंदा करणाऱ्याचं दुकान चाळीस माणसांनी हात वर करून बंद करावं हेही मला पटणार नाही, उद्या ते चाळीस जण माझ्या कोकमाच्या धंद्यावर येतील. आणि दुकान बंद झालं की दारू संपते असंही नाही. चंद्रपुरात २०१५ ला जिल्हाभर बंदी आली आणि २०२१ मध्ये उठवली. आमच्याकडे खाडीपलीकडे हातभट्टी आहेच. उभ्या बाटलीवर शिक्का मारणाऱ्या अडतीस जणींपैकी काहींचे नवरे त्या दुकानात कामाला होते, त्यांच्यावर माझा राग नाही.

राग आहे तो यादीवरच्या नावांवर. भावोजी म्हणतात, गावातलं नाव म्हणजे आमची मुळं, ते कसं काढायचं? सातबाऱ्यावर नाव ठेवा की, कोण नको म्हणतंय. घरपट्टी भरा, पालखीला खांदा द्या. मतदारयादी म्हणजे कुळाची वंशावळ नव्हे.

तेव्हा तुमच्या गावातल्या दोन तटांचं काय करायचं ते मला पूर्ण सांगता येणार नाही, तुम्ही दुकान कसलं तेही लिहिलेलं नाही. एवढं करा. ठराव झाला ती सभा पहिली होती की तहकूब, आणि हजर किती होते, ते ग्रामपंचायतीत जाऊन इतिवृत्तात बघा. मग तुमचं आणि घरच्यांचं नाव कुठल्या यादीत आहे ते बघा. गावच्या यादीत असेल तर एकतर मतदानाच्या आदल्या रात्रीची गाडी पकडून जा, नाहीतर नमुना ८ भरा आणि नाव डोंबिवलीला न्या.

आम्ही परत अर्ज करतोय, सह्या १७३ झाल्यात. भावोजी, तुम्ही हे वाचत असालच. जाऊबाईंचं नाव अजून गावच्या यादीच्या भाग दोनमध्ये आहे. तारीख कळली की त्यांना फोन करते.