बंद जिनिंगमधलं वाफेचं इंजिन गावातले मिस्त्री पुन्हा चालू करू शकतील का?

इंजिन नक्की होईल. बॉयलरचं तेवढं वेगळं धरा.

फ्लायव्हील, म्हणजे इंजिनचं मोठं जड चाक, हलत नसेल तर पहार घालून जोर करू नका. सिलिंडर बिडाचं असतं. बीड वाकत नाही, तडकतं. झाकण उघडून पिस्टनच्या दोन्ही बाजूंना डिझेल आणि ऑइल भरून ठेवा. महिना लागला तरी लागू द्या. पाइपांवर पांढरं लिंपण असेल तर ते बहुतेक अ‍ॅस्बेस्टॉस, कोरडं खरवडू नका.

खरं काम बेअरिंगचं. जुनं व्हाइट मेटल, म्हणजे बेअरिंगच्या आतलं मऊ धातूचं अस्तर, वितळवून काढायचं, शेल म्हणजे बाहेरची वाटी घासून तिला कथील चढवायचं. मधोमध शाफ्टपेक्षा किंचित बारीक नळी काजळी धरून उभी करायची आणि शेल गरम असतानाच वितळलेलं व्हाइट मेटल एका दमात ओतायचं. थांबत ओतलं तर थर पडतात; साच्यात ओल राहिली तर धातू अंगावर उडतो. मग शाफ्टला ब्लू, म्हणजे खुणेचा निळा रंग, लावून फिरवायचा, निळं उमटेल तेवढंच खरवडायचं, पुन्हा ब्लू. ठिपके सगळीकडे सारखे पडेस्तोवर हेच. स्क्रेपर विकत घेऊ नका, जुन्या तिकोनी कानशीचे दात घासून काढले की झाला.

यासाठी ऑइल इंजिनची बेअरिंगं भरलेला म्हातारा मिस्त्री शोधा. मोटारसायकलवाला नको, त्याला सुटे भाग बदलायची सवय. आपल्या यवतमाळच्या शकुंतला रेल्वेचं इंजिन १९२१ साली मँचेस्टरला बनलं आणि १९९४ पर्यंत धावलं. दर वेळी विलायतेला पाठवून थोडंच दुरुस्त झालं असेल!

बॉयलरला मात्र गावातल्या वेल्डरचा हात लागू देऊ नका, तो कितीही कसबी असो. पत्रा आतून किती खाल्लाय ते बाहेरून कळत नाही. १९२३ चा कायदा जाऊन २०२५ चा आला, तरी सरकारी तपासणीशिवाय वाफ करता येत नाही. तपासणीत थंड पाण्याचा दाब देतात, कारण पाणी दबत नाही; पत्रा फाटला तर गळतं, स्फोट होत नाही. लोकांना इंजिन फिरताना दाखवायचं एवढंच असेल तर मोठ्या कॉम्प्रेसरची हवा कमी दाबाने थेट इंजिनला द्या. बॉयलरमध्ये हवा भरू नका.

आणि मालकाला विचारून मेकरची पितळी पाटी व ऑइलचे कप आजच घरात नेऊन ठेवा. भंगारवाले आधी तेच नेतात.