गट तोच, तरी रक्त जुळेना

प्रश्न : मुलगी चौदा वर्षांची, सिकलसेल एसएस पॅटर्न (दोन्ही जनुकं सिकलची). आजवर सहा पिशव्या चढवल्या. या वेळी रक्त चढवल्यावर आठव्या दिवशी हातपाय ठणकू लागले, लघवी काळ्या चहासारखी झाली आणि हिमोग्लोबिन आधीपेक्षाही खाली गेलं. आता रक्तपेढी म्हणते, पिशवी जुळत नाही. गट तर ओ पॉझिटिव्हच आहे!
– एक पालक, इंदोरा, नागपूर

उत्तर : ओ पॉझिटिव्ह ही फक्त वरची ओळख. लाल पेशीवर सी, ई, केल, किड, डफी असे आणखी बरेच अँटिजेन, म्हणजे पेशीवरच्या ओळखखुणा, असतात. दात्याच्या पेशीवर असलेला एखादा मुलीच्या पेशीवर नसेल, तर तिचं शरीर त्याविरुद्ध अँटीबॉडी (त्या खुणेला चिकटणारं प्रथिन) बनवतं. गोची अशी की काही महिन्यांत ही अँटीबॉडी इतकी उतरते की तपासणीत सापडतच नाही. रिपोर्ट ‘निगेटिव्ह’ येतो, पिशवी चढते, शरीराला जुनी ओळख आठवते आणि साधारण ३ ते १४ दिवसांत चढवलेल्या पेशी फुटू लागतात. दुखणं सिकलसेलच्या क्रायसिससारखंच (वेदनेच्या झटक्यासारखंच), म्हणून चटकन तोच समज होतो. रक्त चढवण्याआधीपेक्षा खाली गेलेलं हिमोग्लोबिन आणि गडद लघवी इथं पहिला संशय आणतात.

मुलीला आजच भरती करा आणि नुकतं रक्त चढवल्याचं आधी सांगा. सीबीसी, रेटिक्युलोसाइट, एलडीएच, बिलिरुबिन, डीसीटी (डायरेक्ट कूम्ब्स टेस्ट) आणि अँटीबॉडी स्क्रीनिंग लागेल. डीसीटी पेशीला चिकटलेली अँटीबॉडी शोधते, आयसीटी (इनडायरेक्ट कूम्ब्स टेस्ट) किंवा स्क्रीनिंग सीरममध्ये, म्हणजे रक्तातल्या पातळ भागात, मोकळी फिरणारी. डीसीटी निगेटिव्ह आली म्हणून निश्चिंत होऊ नका. चिकटलेल्या पेशी फुटून गेल्या असतील तर उरलं काय चिकटायला? शिवाय ट्यूबच्या पद्धतीत पेशी सलाईनने तीन-चार वेळा नीट धुवाव्या लागतात. मोकळं ग्लोब्युलिन थोडं जरी राहिलं तरी ते कूम्ब्स सीरम (चिकटलेली अँटीबॉडी दाखवणारं द्रावण) खाऊन टाकतं आणि निकाल खोटा निगेटिव्ह येतो. म्हणूनच प्रत्येक निगेटिव्ह ट्यूबमध्ये शेवटी कंट्रोल पेशी (आधीच अँटीबॉडी चिकटवलेल्या) टाकून सीरम शाबूत आहे का ते पाहतात.

स्क्रीनिंग पॉझिटिव्ह आलं तर साधारण ११ पेशींच्या पॅनलवर (अँटिजेन ठाऊक असलेल्या पेशींच्या संचावर) अँटीबॉडीचं नाव काढायला सांगा. नाव कळलं की तो अँटिजेन नसलेली पिशवी शोधता येते. क्रॉसमॅच (दात्याचं रक्त मुलीच्या रक्ताशी जुळवून पाहणं) कूम्ब्स टप्प्यापर्यंत केला का, हेही विचारा; नुसत्या सलाईनमधल्या क्रॉसमॅचमध्ये अशा अँटीबॉडी निसटतात. घाईनं आणखी पिशव्या चढवणं धोक्याचं, कधी कधी मुलीच्या स्वतःच्या पेशीही फुटतात. तो निर्णय रक्तविकारतज्ज्ञाचाच.

खरं तर सी, ई, केलचं फिनोटायपिंग (पेशीवर कोणते अँटिजेन आहेत याची तपासणी) पहिल्या पिशवीआधीच व्हायला हवं. आता रक्तात दात्याच्या पेशी मिसळल्या आहेत. शेवटच्या पिशवीनंतर तीन महिने थांबा, नाहीतर जनुकीय तपासणी करा. आणि अँटीबॉडीचं नाव लिहिलेलं कार्ड मुलीच्या दप्तरात कायम ठेवा. कधी मेडिकलला (सरकारी मेडिकल कॉलेजला), कधी रामदासपेठेत दाखवलं तर जुनी फाइल मागे राहते, अँटीबॉडी मात्र मुलीसोबत येते.

प्रश्न : पत्नी ओ निगेटिव्ह. २८व्या आठवड्याला आयसीटी निगेटिव्ह होती, मग अँटी-डी इंजेक्शन झालं. ३१व्या आठवड्यात आयसीटी पॉझिटिव्ह, टायटर (अँटीबॉडीचं प्रमाण) १:२. बाळाला धोका?
– मानेवाडा

उत्तर : इंजेक्शन म्हणजेच पॉझिटिव्ह गटाच्या डी अँटिजेनविरुद्धची तयार अँटीबॉडी, तीच रिपोर्टात दिसते आहे, आणि बरेच आठवडे दिसू शकते. लॅबला इंजेक्शनची तारीख कळवा. टायटर चढू लागला किंवा १:१६ च्या घरात गेला तर लगेच तज्ज्ञांकडे जा. ‘पॉझिटिव्ह आलीच आहे’ म्हणून बाळंतपणानंतरचा डोस मात्र चुकवायचा नाही. बाळ पॉझिटिव्ह निघालं तर ३०० मायक्रोग्रॅम, ७२ तासांच्या आत.

प्रश्न : तपासणीत प्लेटलेट ३८ हजार. ना ताप, ना निळे डाग, ना हिरड्यांतून रक्त. आयटीपी (शरीरच प्लेटलेट नष्ट करतं तो आजार) असेल का?
– काटोल रोड

उत्तर : आधी स्लाइड बघायला सांगा. जांभळ्या झाकणाच्या ट्यूबमधल्या ईडीटीए या रक्त गोठू न देणाऱ्या रसायनामुळे काहींच्या प्लेटलेट एकमेकींना चिकटून गठ्ठे होतात आणि मशीन गठ्ठा मोजत नाही. निळ्या झाकणाच्या सायट्रेट ट्यूबमध्ये पुन्हा रक्त द्या आणि आकड्याला १.१ ने गुणा. आकडा दीड लाखाच्या वर आला तर विषय संपला. खरंच कमी असेल तर रक्तविकारतज्ज्ञ गाठा. प्लेटलेट अँटीबॉडीच्या महागड्या तपासणीवर मात्र खर्च करू नका, आयटीपीचं निदान त्यावर ठरत नाही.