कॅमेरा कुठला घेऊ, असं विचारलंस ना

अगं, डॉक्युमेंटरी करायचीय म्हणून कॅमेऱ्याबद्दल विचारणारा तुझा मेसेज मिळाला, कॅमेऱ्याचं नंतर बघू, आधी एका माणसाबद्दल सांगते. एबरहार्ट फेश्नर, जर्मनीचा. जन्म 1926 चा, मूळचा नट, इटलीत मिलानला जॉर्जो स्ट्रेलर या नाट्यदिग्दर्शकाच्या थिएटरात असिस्टंट होता, आणि टीव्हीसाठी डॉक्युमेंटरी करायला लागला तेव्हा चाळिशी उलटून गेलेली. तुला तेवीसाव्या वर्षीच उशीर झाल्यासारखं वाटतंय!

1969 मध्ये बर्लिनच्या वेडिंग भागात 72 वर्षांच्या क्लारा हायडेब्रेक नावाच्या बाईंनी आत्महत्या केली. कुणी मोठ्या नव्हत्या त्या, एकट्या राहणाऱ्या पेन्शनर. हा गडी त्यांच्या खोलीतली कागदपत्रं चाळत बसला, नातेवाईक, शेजारीपाजारी, सगळ्यांना भेटला, आणि त्यातून फिल्म उभी केली. शेजाऱ्यांना बाईंबद्दल किती कमी माहीत होतं हे बघताना आपल्यालाच कसंतरी होतं.

पण खरी गंमत एडिटिंगमध्ये. वेगवेगळ्या गावांत, वेगवेगळ्या दिवशी घेतलेले इंटरव्ह्यू तो असे कापून जोडायचा की एकाने वाक्य सुरू करावं, दुसऱ्याने ते खोडावं, तिसऱ्याने भर घालावी, जणू सगळे एकाच टेबलाशी बसलेत. माझं म्हणणं एवढंच, तू केलेल्या सॅम्पल फिल्ममधला व्हॉइसओव्हर, म्हणजे मागून चालणारं निवेदन, काढून टाक आणि मग बघ काय उरतंय ते. राग येईल, येऊ दे.

पोलंडमधल्या माइदानेक या नाझी छळछावणीचा खटला जर्मनीत ड्युसेलडॉर्फला 1975 ते 1981 चालला, सुनावणीचे 474 दिवस. जर्मनीत कोर्टात सुनावणी चालू असताना शूटिंग करता येत नाही, मग याने कोर्टाबाहेर साक्षीदार, वकील, न्यायाधीश, अगदी आरोपींनाही बोलतं केलं. साडेचार तासांची फिल्म 1984 मध्ये आली. छळछावणीतून वाचलेली बाई बोलते आणि लगेच पुढचा कट आरोपीवर, मध्ये कोणी समजावून सांगणारा नाही. मी पहिल्यांदा बघितली तेव्हा मध्येच उठून बाल्कनीत गेले होते.

आता व्यवहाराचं. त्याच्या मागे एनडीआरसारखं टीव्हीसाठी लोक भरायचे त्या लायसन्स फीवर चालणारं जर्मन चॅनल होतं, एका विषयावर वर्षानुवर्षं बसता यायचं. तुझ्यामागे कोणी नाही, सो नोकरी सोडू नकोस, शनिवार-रविवार वापर.

आजी गेली म्हणालीस ना मागे? तिच्या बिल्डिंगमधल्या चार जणांना वेगवेगळं गाठ, फोनच्या कॅमेऱ्यावरच रेकॉर्ड कर, प्रश्न कमी विचार, समोरचा गप्प झाला तरी तू लगेच बोलू नकोस. फुटेज आहे तसं घेऊन ये, कापू नकोस, पुढच्या रविवारी मी घरीच आहे.