मीठ, धूळ आणि टर्बाइन : वाचकांचे प्रश्न

गेल्या अंकात गॅस टर्बाइनची, म्हणजे हवा ओढून दाबणाऱ्या, तिच्यात इंधन जाळणाऱ्या आणि त्या तापल्या वायूने फिरणाऱ्या विमानातल्या व वीज केंद्रातल्या इंजिनाची, ओळख करून देताना, या यंत्राचे आयुष्य त्याच्या तोंडाशी येणाऱ्या हवेवर ठरते, असे मी लिहिले होते. त्यावर रायगडपासून सिंधुदुर्गापर्यंतच्या वाचकांची पत्रे आली. त्यांपैकी चार प्रश्न येथे घेतले आहेत.

प्रश्न : मी देवरुखला अभियांत्रिकीच्या दुसऱ्या वर्षात शिकते. चिपीच्या विमानतळावर गेले असता भोवतालचा सडा, म्हणजे कातळाचे पठार, आणि लाल माती पाहून मनात आले, की एवढी हवा ओढणाऱ्या इंजिनाच्या तोंडावर बारीक जाळी का बसवत नाहीत?

उत्तर : जाळी सर्वांनाच प्रथम सुचते, आणि ती का चालत नाही हे समजले की या विषयाचा अर्धा भाग समजतो. उंचावर जाळीवर बर्फ धरते आणि हवेची वाट बंद होते. जाळीचीच एखादी तार तुटली तर तीच इंजिनात जाते. शिवाय पक्षी आणि खडे अडवणारी जाळी धूळ अडवू शकत नाही, आणि धूळ अडवणारी जाळी काही मिनिटांत भरून जाते. म्हणून अभियंत्यांनी दुसराच मार्ग काढला. कणाला अडवायचे नाही, हवेलाच असे वळण द्यायचे की कण आपोआप बाजूला पडेल.

आपल्याकडे भात झोडल्यावर ते वारवतात, तेव्हा हेच घडते. सूप डोक्याच्या वर धरून भात हळूहळू सोडले की भरलेला दाणा सरळ पायाशी पडतो आणि पोल, म्हणजे पोकळ दाणा, वाऱ्याबरोबर पलीकडे जातो. दोघांवर वारा तोच असतो, पण जड दाणा वाऱ्याचे ऐकत नाही. टर्बाइनच्या मुखात वारा सेकंदाला ५० ते १०० मीटर वेगाने आत येत असतो आणि त्याला एका उंचवट्यावरून नेऊन एकदम आतल्या बाजूला वळवलेले असते. हवा वळते, वाळूचा कण मात्र सरळ पुढे जातो, आणि त्याच्या समोर त्याच्यासाठीच ठेवलेली वेगळी वाट असते.

तुम्ही विद्यार्थिनी आहात म्हणून थोडे आकडे देतो. हवेचा वेग किंवा दिशा बदलली की तिच्याशी जुळवून घ्यायला कणाला जो काळ लागतो, तो कणाच्या व्यासाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. वाळूच्या १०० मायक्रॉनच्या, म्हणजे मिलिमीटरच्या दहाव्या भागाएवढ्या कणाला साध्या सूत्राने सुमारे ८० मिलिसेकंद लागतात. १० मायक्रॉनच्या कणाला एक मिलिसेकंदाहून थोडा कमी काळ लागतो, आणि १ मायक्रॉनच्या कणाला त्याचाही शंभरावा भाग. इंजिनाच्या मुखातले ते वळण हवा तीन ते सहा मिलिसेकंदांत पार करते. त्यामुळे वाळू वळूच शकत नाही, मधल्या आकाराची धूळ थोडी इकडे आणि थोडी तिकडे जाते, आणि पिठासारखी धूळ हवेचा हात न सोडता थेट आत शिरते. पुढच्या दोन उत्तरांत हा मुद्दा पुन्हा लागेल.

ही रचना सर्वांत जास्त हेलिकॉप्टरला लागते, कारण उतरताना ते स्वतःच्याच पंख्याने जमिनीवरची धूळ उडवते आणि तीच धूळ ओढते. व्हिएतनामच्या युद्धात अमेरिकी हेलिकॉप्टरांच्या इंजिनांची धुळीने फार हानी झाली. पुढे ब्लॅक हॉक या अमेरिकी हेलिकॉप्टरसाठी तयार झालेल्या टी-७०० या इंजिनात कण वेगळे करणारा भाग इंजिनाचाच अंगभूत घटक म्हणून बसवला गेला. आपल्या नौदलाची एमएच-६०आर हेलिकॉप्टरे याच कुळातल्या इंजिनावर चालतात. बाजूला पडलेली धूळ बाहेर ओढण्यासाठी एक छोटा ब्लोअर असतो, आणि अशा रचनेत आत आलेल्या हवेचा साधारण १५ ते २० टक्के भाग त्या धुळीबरोबर बाहेर टाकावा लागतो. दुसऱ्या प्रकारात मुखापुढे शेकडो लहान नळ्यांची चौकट बसवतात. प्रत्येक नळीच्या तोंडाशी पिळाची पाती असतात. हवा गोल फिरू लागते, धूळ नळीच्या भिंतीला लागते आणि मधली स्वच्छ हवा आत जाते.

प्रवासी जेट विमानाला असे वेगळे यंत्र सहसा लागत नाही, कारण पुढचा मोठा पंखाच ते काम बऱ्याच अंशी करतो. फिरणारा पंखा जड कण बाहेरच्या कडेला फेकतो. नव्या इंजिनांत गाभ्यात, म्हणजे इंधन जळते त्या आतल्या भागात, जाणाऱ्या एका भागामागे सुमारे दहा भाग हवा गाभ्याला वळसा घालून बाहेरून जात असल्याने बहुतेक खडीवाळू त्या बाहेरच्या वाटेनेच निघून जाते. प्रोपेलरच्या अनेक विमानांत मात्र मुखाच्या वाटेला मुद्दाम वळण दिलेले असते, आणि त्याचे तत्त्व वर सांगितले तेच आहे.

प्रश्न : आमचे गाव गुहागर तालुक्यात आहे. खाऱ्या वाऱ्याने आमच्या खिडक्यांचे गज पाच वर्षे टिकत नाहीत. मग समुद्रालगतच्या गॅसवरच्या वीज प्रकल्पात एवढे महागडे यंत्र कसे टिकते?

उत्तर : हा प्रश्न कोकणाच्या अगदी जवळचा आहे आणि त्याचे उत्तर थोडे सविस्तर द्यायला हवे. वाशिष्ठीच्या मुखाजवळ अंजनवेलला आणि उरणजवळ बोकडविऱ्याला अशी केंद्रे आहेत. मोठी गॅस टर्बाइन सेकंदाला ६०० किलोच्या आसपास हवा ओढते. या हवेत वजनाने दहा लाख भागांत केवळ एक भाग धूळ आणि मीठ आहे असे धरले, तरी दिवसाकाठी ५० किलोंहून अधिक, म्हणजे सिमेंटचे एक भरलेले पोते रोज यंत्राच्या दाराशी येते.

त्यातले मीठ दोन ठिकाणी घात करते. पहिले ठिकाण कॉम्प्रेसर, म्हणजे आत आलेली हवा दाबणारा पुढचा भाग. त्याच्या पात्यांवर मीठ, धूळ आणि तेलाचा अंश मिळून चिकट थर बसतो आणि पात्याचा घडवलेला आकार बिघडतो. टर्बाइन जी शक्ती निर्माण करते तिच्यातली निम्म्याहून अधिक कॉम्प्रेसर फिरवण्यातच खर्च होते, त्यामुळे तेथे आलेली थोडीशी मंदीही विजेच्या आकड्यात लगेच दिसते. दुसरे ठिकाण म्हणजे तापलेली टर्बाइन पाती. मिठातले सोडियम आणि इंधनातले किंवा हवेतले गंधक एकत्र येऊन सोडियम सल्फेट होते. ते ८८४ अंश सेल्सिअसला वितळते, पात्यावर पातळ थर होऊन पसरते आणि धातूचे रक्षण करणारे ऑक्साइडचे कवच विरघळवते. तुमच्या खिडकीचा गज बाहेरून पोपडे धरत गंजतो. हे पाते त्याहून कितीतरी वेगाने आतून खाल्ले जाते.

म्हणून हवा फिल्टर हाउसमधून, म्हणजे यंत्रापुढच्या गाळणीच्या खोलीतून, टप्प्याटप्प्याने नेतात. बाहेर पावसाची झापे असतात. त्यांच्या मागे नागमोडी पत्र्यांची रांग असते, जिथे हवा वळत जाते आणि पाण्याचे थेंब न वळता पत्र्यावर आपटून खाली ओघळतात. पहिल्या उत्तरातलेच तत्त्व, फक्त वाळूच्या जागी थेंब. त्यामागे बारीक तुषार एकत्र करून मोठे करणारा थर आणि शेवटी अतिसूक्ष्म फिल्टर. मात्र हा प्रत्येक टप्पा हवेला अडथळा करतो, आणि त्या अडथळ्याची किंमत ठरलेली आहे. फिल्टरच्या दोन बाजूंमधला दाबाचा फरक, ज्याला प्रकल्पात सगळे ‘डीपी’ म्हणतात, एक किलोपास्कलने वाढला की सुमारे दीड टक्का वीज कमी होते.

वाळवंटात उपयोगी पडणारे फिल्टर कोकणात जसेच्या तसे का चालत नाहीत, हे समजायला घरातली मिठाची बरणी पुरेशी आहे. मे महिन्यात कोरडे असलेले मीठ जून उजाडताच पाणी सोडते. हवेतली सापेक्ष आर्द्रता ७५ टक्क्यांच्या वर गेली की मीठ हवेतले पाणी ओढून विरघळते. कोरड्या दिवसांत फिल्टरने पकडून ठेवलेले मिठाचे स्फटिक पावसाळ्यात तसेच द्रव होतात आणि कागदातून झिरपून मागच्या बाजूला निघतात. तिथे वारा त्यांचे पुन्हा तुषार करतो. म्हणजे आठ महिने पकडलेले मीठ चार महिन्यांत सोडून दिले जाते. वाळवंटात फिल्टरला उलट्या हवेचा झटका देऊन कोरडी धूळ झाडतात, पण ओल्या मिठावर तो उपाय चालत नाही. समुद्राकाठी पाणी धरून न ठेवणारे, ओलाव्यालाही न झिरपणारे फिल्टर आणि तळाशी नीट वाहते निचरे, हे दोन्ही लागते.

एक जवळून पाहिलेली गोष्ट सांगतो. मी किनाऱ्यावरच्या एका प्रकल्पात देखभाल विभागात असताना, जुलै महिन्यात एका यंत्राचा डीपी नेहमीपेक्षा कमी दिसू लागला. कमी अडथळा म्हणजे चांगलेच, असे आम्ही दोन आठवडे समजत राहिलो. वीज मात्र दररोज थोडी थोडी उतरत होती. शेवटी यंत्र थांबवून फिल्टर हाउसमध्ये शिरलो, तेव्हा फिल्टरच्या मागच्या, म्हणजे स्वच्छ असायला हव्या त्या भिंतीवर तांबूस ओघळ दिसले आणि त्यांच्या कडेला मिठाची पांढरी कोर. एका तपासणी दाराचे रबर बंद करताना दुमडले गेले होते आणि हवेने ती सोपी वाट धरली होती. पावसाळ्यात डीपी वाढायला हवा. तो घटला तर आधी गळती शोधायची, हे मी तेव्हापासून प्रत्येक नव्या माणसाला पहिल्या दिवशी सांगत आलो.

त्यानंतर कॉम्प्रेसर धुतला. यंत्र थंड झाल्यावर ते स्टार्टरवर सावकाश फिरवतात, साबणाचे द्रावण सोडतात, थोडा वेळ मुरू देतात आणि मग क्षारमुक्त डीएम पाण्याने धूत राहतात. निचऱ्यातून आलेले पहिले पाणी चहासारखे तपकिरी होते. ते डोळ्यांना स्वच्छ दिसू लागल्यावरही धुणे थांबवत नाहीत. प्रत्येक फेरीला त्या पाण्याची विद्युतवाहकता मोजतात, आणि ती उतरत उतरत स्थिर झाली की मगच मीठ गेले असे मानतात, कारण विरघळलेले मीठ डोळ्यांना दिसत नाही.

प्रश्न : टर्बाइनमधल्या वायूचे तापमान धातूच्या वितळणबिंदूपेक्षा जास्त असते असे आपण लिहिले होते. मग पाती वितळत कशी नाहीत, आणि अशा आगीत धूळ जळून का जात नाही? (मालवणहून एक निवृत्त शिक्षक)

उत्तर : सर, धूळ ही खनिज असल्यामुळे ती जळत नाही, वितळते. सर्व अडचण तिथूनच सुरू होते.

पाते आतून पोकळ असते. कॉम्प्रेसरमधून काढलेली तुलनेने थंड हवा त्यात खेळवतात आणि मिलिमीटरच्या निम्म्याएवढ्या असंख्य छिद्रांतून बाहेर सोडतात. ती पात्याच्या अंगावर पातळ पदर धरते, आणि १५०० अंशांच्या वायूत निकेलच्या मिश्रधातूचे पाते या पदरामुळे आणि वरच्या सिरॅमिकच्या लेपामुळे तगते. आता पहिल्या उत्तरातली ती पिठासारखी धूळ आठवा. जी कोणत्याही वळणावर वेगळी होत नाही, ती या थंड हवेबरोबर पात्याच्या पोटात जाते आणि छिद्रांच्या तोंडाशी साचते. छिद्र बुजले की पदर तुटतो आणि तेवढीच जागा भाजून निघते. बाहेरच्या अंगाला आणखी वेगळे घडते. कॅल्शियम, मॅग्नेशियम, ॲल्युमिनियम आणि सिलिका असलेली धूळ साधारण १२०० अंशांना काचेसारखी वितळते, सिरॅमिकच्या लेपातल्या सूक्ष्म फटींत मुरते आणि थंड होताना लेपाचे पोपडे सोडवते.

यावर जे उपाय निघाले आहेत त्यांतला मला सर्वांत आवडणारा अगदी साधा आहे. पाते फिरत असल्याने त्याच्या पोटातली धूळ टोकाकडे फेकली जाते. म्हणून टोकालाच एक मोठे भोक ठेवतात, ज्यातून ती निघून जाते आणि लहान छिद्रे मोकळी राहतात. थंड हवेसाठी हवा कॉम्प्रेसरच्या मार्गातल्या अशा जागेवरून घेणे, जिथे ती घेताना एकदम वळावे लागेल आणि जड कण मुख्य प्रवाहातच पुढे जातील, हाही एक उपाय आहे.

याचे सर्वांत ठळक उदाहरण २४ जून १९८२ चे. ब्रिटिश एअरवेजचे लंडनहून मुंबई, मद्रास, क्वालालंपूर असे निघालेले बोइंग ७४७ पुढे पर्थकडे जाताना जावातल्या गालुंगगुंग ज्वालामुखीच्या राखेत शिरले आणि चारही इंजिने बंद पडली. राख ज्वलनकक्षात वितळून टर्बाइनच्या पात्यांवर बसली होती आणि हवेची वाट अरुंद झाली होती. इंजिने बंद झाल्यावर ती काच थंड झाली, तडकली आणि बरीचशी सुटून पडली. राखेच्या ढगाखाली स्वच्छ हवेत आल्यावर इंजिने पुन्हा सुरू झाली, विमान जकार्ताला उतरले आणि कोणीही दगावले नाही. म्हणूनच आज राखेतून विमान न नेणे हाच नियम आहे. इतक्या सूक्ष्म राखेला वेगळे करणारे वळण कोणत्याही इंजिनात बसवता येत नाही.

प्रश्न : हर्णैला आमचा ट्रॉलर आहे. त्याच्या डिझेल इंजिनाला टर्बो आहे. त्याला यातले काही लागू होते का?

उत्तर : होय, दादा, पूर्णपणे लागू होते, कारण टर्बोच्या एका बाजूला इंजिनाच्या धुराने फिरणारी टर्बाइन आणि दुसऱ्या बाजूला इंजिनात हवा भरणारा कॉम्प्रेसरच असतो. तुमच्या बाबतीत वाळूपेक्षा इंजिनरूममधली तेलाची वाफ अधिक त्रास देते. ती आणि मीठ मिळून कॉम्प्रेसरच्या चाकावर काळा चिकट थर करतात, मग टर्बो पुरेशी हवा देत नाही आणि धूर काळा येऊ लागतो. हवेचे तोंड इंजिनरूमच्या तेलकट कोपऱ्यात न ठेवता कोरड्या, तुषार न लागणाऱ्या जागी घ्या. क्रँककेसचा, म्हणजे इंजिनाच्या तळपेटीचा, तेलाची वाफ सोडणारा श्वासनळ त्या तोंडाजवळ सोडू नका. धूर काळा दिसला की इंजिनाला दोष देण्याआधी फिल्टर आणि कॉम्प्रेसरचे चाक पाहा. चाक साफ करताना तारेचा ब्रश किंवा पॉलिश कागद अजिबात वापरू नका, कारण त्या चाकाचा तोल एका ओरखड्यानेही बिघडू शकतो. कंपनीने सांगितलेले द्रावण आणि मऊ ब्रश एवढेच पुरे. आणि मासेमारी बंदीच्या काळात होडी किनाऱ्यावर ओढलीत की धुराड्याचे आणि हवेचे, अशी दोन्ही तोंडे कोरड्या कापडाने बांधून ठेवा. पावसाळ्यातले ओले मीठ थांबलेल्या यंत्रातही आपले काम करत असते.