गवतात उचललेला पाय

प्रिय,

आजोबांवरच्या तुझ्या फिल्मचं चार तासांचं फुटेज दोनदा पाहिलं. दुसऱ्यांदा आवाज बंद करून.

आजोबांना तू सहा वेळा विचारलंस, "इथं पूर्वी काय होतं?" सहाही वेळा उत्तर तेच, शब्दही जवळजवळ तेच. हे उत्तर पाहुण्यांसाठी काढून ठेवलेलं असतं. वय झालेल्या प्रत्येकाकडे असतं, माझ्याकडेही आहे. पण दुसऱ्या दिवशी सकाळी ते बादली घेऊन निघतात तेव्हा मोकळ्या गवतात एके ठिकाणी पाय जरा उंच उचलून टाकतात. तिथं काहीच नाही! कधीकाळी तार असेल, किंवा चर. जाताना शॉट लांबून होता म्हणून हे दिसलं. येताना तू चेहऱ्यावर झूम केलास, त्यामुळे त्याच जागी नुसता खांदा हलल्यासारखा वाटतो. तुझी फिल्म त्या पायात आहे, सहा उत्तरांत नाही.

तेव्हा झूम विसर. कॅमेरा ट्रायपॉडवर ठेव, पाऊल आणि जमीन दोन्ही फ्रेममध्ये राहतील इतकी मागे हो. माणूस फ्रेमबाहेर गेला म्हणून लगेच कट करू नकोस. मी केलाय. सोळा एमएम फिल्मचा ४०० फुटांचा रोल २४ फ्रेमच्या वेगानं जेमतेम ११ मिनिटं चालायचा, त्यामुळे कंजुषी अंगात भिनली होती. एक बाई फाटकातून बाहेर गेली, मी कॅमेरा थांबवला. आमच्या साउंडवाल्यानं टेप चालूच ठेवली होती. त्या टेपवर फाटक परत वाजतं, आणि ती बाई रिकाम्या गोठ्यासमोर कुणाला तरी नावानं हाक मारते. चित्र नाही. तुझ्या कार्डवर तासन् तास मावतात, तुला ही सबब नाही.

प्रत्येक जागेवर न बोलता दोन मिनिटं नुसता आवाज घे. ड्रोन घरी ठेव. त्या उंचीवरून ती जमीन तिथल्या कुणी जन्मात पाहिलेली नाही, मग ती आठवण कुणाची?

आणि परत परत जा. फ्रान्सच्या जॉर्ज रुकिए यांचा एका शेतकरी कुटुंबावरचा चित्रपट १९४६ साली आला, त्याच परिसरात त्याच लोकांकडे परतून केलेला दुसरा १९८३ साली. (त्यांतले प्रसंग बरेचसे रचलेले होते. काही रचू नये, घडतं तेवढंच टिपावं म्हणणारे नाक मुरडतात, मुरडू देत.) रेमों दपार्दों हेही फ्रेंच दिग्दर्शक, स्वतः शेतकऱ्याचे चिरंजीव. डोंगराळ भागातल्या शेतकऱ्यांकडे ते वर्षानुवर्षं जात राहिले, त्यातून २००१, २००५ आणि २००८ असे तीन चित्रपट झाले. तुझे झालेत पाच दिवस.

पुढची खेप कोरड्या दिवसांत कर. बुजवलेल्या चरावरचं गवत उशिरापर्यंत हिरवं राहतं, कारण खालची माती खोल असते, ओल धरते. गाडलेल्या भिंतीवरचं आधी पिवळं पडतं. उत्खननवाले जागा अशाच हेरतात. आजोबा पाय उचलतात त्या जागेपासून दोन्ही बाजूंना पाहा, हिरवी रेघ दिसते का. दिसली तर सकाळच्या तिरक्या उन्हात, लांबून, त्यांच्या जाण्या-येण्यासकट घे. त्यांना मात्र विचारू नकोस. एकदा विचारलंस की ते तिथं पाय जपून टाकायला लागतील.

फुटेजची दुसरी कॉपी केलीस ना?