काल-अकादमीत आधी भांडण टाका, विभाग नंतर

तुमचा प्रश्न असा की दीर्घकथेत 'काल-अकादमी' नावाची संस्था आहे, साताऱ्याकडे डोंगरावर, काचेचा घुमट, आत मोठा लंबक, आणि तिथे नेमकं काय शिकवत असतील, विभाग कोणकोणते, म्हणजे वाचणाऱ्याला खोटं वाटणार नाही. मी आधी घुमट काढायला सांगेन, राग मानू नका. काळावर चिंतन करत बसलेली पांढऱ्या दाढीची माणसं कुणालाच खरी वाटत नाहीत. काळाचा अभ्यास प्रत्यक्षात जिथे जिथे होतो तिथे एकच काम चालू असतं, कोणाची वेळ खरी धरायची ते ठरवणं, आणि त्यावरून लोक एकमेकांची डोकी खातात. तुमच्या अकादमीला ते काम द्या, विभाग आपोआप पडतील.

आपल्याकडे आयता मसाला पडलाय बघा. रत्नागिरीकडे टिळक पंचांग पाळणारी घरं आहेत, बाकी बहुतेक महाराष्ट्र दाते वगैरे पंचांगं बघतो. भांडण एवढंच की राशीचक्राची सुरुवात कुठून मोजायची. टिळक पक्ष रेवतीचा तारा धरतो, दुसरा चित्रेच्या ताऱ्यावरून हिशोब करतो, दोन्हींत साधारण चार अंशांचा फरक. आता सूर्य रोज साधारण एक अंश सरकतो म्हणजे दोघांच्या संक्रांतीत (फक्त जानेवारीतली नव्हे, सूर्य दर महिन्याला नव्या राशीत शिरतो ती) चारेक दिवसांचं अंतर, आणि ज्या चांद्रमासात संक्रांत येत नाही तो अधिक मास, मग अमावास्या नेमकी त्या चार दिवसांत पडली की एकाचा अधिक महिना वेगळा आणि दुसऱ्याचा वेगळा. अशा एखाद्या वर्षी टिळक पंचांगवाल्यांचा गणपती एक महिना आधी येऊन जातो. एकाच वाडीत एका घरात आरत्या चालू आणि शेजारी अजून मखराचा पत्ता नाही! चार अंशांची आकडेमोड थेट मोदकापर्यंत पोचते, याहून चांगलं कथानक मला तरी सुचत नाही. अकादमीत एक रेवतीवाला आणि एक चित्रावाला प्राध्यापक एकाच खोलीत बसवा, मधे एकच टेबल.

दुसरं भांडण मुंबईचं. 1 जानेवारी 1906 पासून सरकारने भारतीय प्रमाणवेळ आणली, ग्रिनिचच्या साडेपाच तास पुढे. मुंबईची स्वतःची वेळ होती 4 तास 51 मिनिटं पुढे, म्हणजे घड्याळं 39 मिनिटं पुढे करायची. कागदावर काहीच नाही हो, पण गिरणीचा भोंगा 39 मिनिटं आधी वाजणार आणि जानेवारीत मुंबईत आधीच उशिरा उजाडतं, तर कामगार अंधारात उठणार. ते रस्त्यावर उतरले. महापालिकेनेही नंतर आपली घड्याळं परत मुंबईच्या वेळेवर नेली आणि 1950 च्या सुमारापर्यंत हे दुहेरी खातं चाललं. म्हणजे जवळजवळ दोन पिढ्या लोक 'सरकारी की मुंबईची?' विचारून भेटीची वेळ ठरवत होते. तुमच्या नायिकेचे आजोबा गिरणीतले दाखवा आणि त्यांचं खिशातलं घड्याळ तिने कधीच पुढे केलं नाही असं करा, ती अकादमीत का आली हे वेगळं सांगावंच लागणार नाही.

आता उपकरणं. लंबक घासून गुळगुळीत झालाय, घटिकापात्र घ्या. तांब्याची वाटी, बुडाला बारीक भोक, पाण्याने भरलेल्या घंगाळात सोडायची, 24 मिनिटांत भरून बुडाली की एक घटका, अशा 60 घटका म्हणजे एक दिवसरात्र. लग्नात मुहूर्त साधायला हेच असायचं. मी हे घरी करून बघितलंय म्हणून ठामपणे सांगतो. तांबट आळीतून वाटी आणली, भोक पाडून घेतलं, पहिली वाटी सात मिनिटांत गटांगळी खाऊन तळाला. भोक डाख देऊन बुजवलं, पुन्हा सुईएवढं पाडलं, असं चारदा केल्यावर 24 च्या आसपास आली. खूश झालो. मग डिसेंबरात बघतो तर पहाटे तीच वाटी दीड-दोन मिनिटं उशिरा बुडतेय, कारण गार पाणी जरा दाट वाहतं. आणि आमच्या बोअरच्या पाण्याचा क्षार भोकाला धरला की अजून उशीर, दर पंधरा दिवसांनी चिंच लावून घासायची. बुडताना आवाज पण मस्त येतो, आधी काठावरून पाणी आत येताना जरा गुळगुळ आणि मग एकदम टणकन तळाला. अकादमीत रात्रपाळीला एक माणूस फक्त वाटी उचलून परत ठेवायला आणि टोल द्यायला असू दे. त्याला डुलकी लागली की अख्ख्या संस्थेची वेळ गेली.

भौतिकशास्त्राचा विभाग हवाच असेल तर तळघरात ठेवा आणि गच्चीवर त्याची शाखा. उंचावरचं घड्याळ खालच्यापेक्षा किंचित जलद चालतं, हे आइनस्टाइनचं नुसतं गणित नाही, 2010 मध्ये अमेरिकेत दोन अणुघड्याळांत फुटभर उंचीचा फरक ठेवून मोजलेलं आहे. दहा मीटर उंचीला शंभर वर्षांत साडेतीन मायक्रोसेकंद वगैरे फरक पडतो. गच्चीवाले लवकर म्हातारे होतात हा तिथला कँटीनमधला जुना जोक असणार, एकदाच वापरा, ताणू नका. लीप सेकंदाचा, म्हणजे पृथ्वीच्या फिरण्याशी घड्याळ जुळवायला अधूनमधून घालतात त्या जादा सेकंदाचा, वाद पण घेता येईल, 2035 पर्यंत तो बंद करायचा असं 2022 मध्ये आंतरराष्ट्रीय परिषदेत ठरलंय, पण दीर्घकथेत तो कोरडा होईल असं वाटतं.

टाइम ट्रॅव्हल मात्र कृपा करून आणू नका. एकदा ते आलं की वाटी, भोंगा, अधिक मास सगळं बिनकामाचं.

आणि एक बारकी गोष्ट, तुम्ही दिलेल्या पहिल्या पानावर संचालकांच्या पत्रावर नुसती 'श्रावण शुद्ध पंचमी' घातलीय. कथा कुठल्या वर्षी घडते ते ठरवा आणि त्या वर्षाची दोन्ही पंचांगं समोर घेऊन बसा. अधिक महिना वेगवेगळा येऊन दोघांचा श्रावणच महिनाभराने वेगळा पडेल असं वर्ष निवडलंत तर ते पत्र खोलीतल्या एका प्राध्यापकाला आज आलेलं असेल आणि दुसऱ्याच्या मते ते अजून महिनाभराने लिहिलं जायचंय.