लायसन्स जळगावचं, लग्न सुरतचं

एरवी या पानावर वाटणीपत्र, बांधाचं भांडण नाहीतर सातबाऱ्यावर नाव कसं लावायचं हेच प्रश्न येतात, पण या वेळी लग्नसराईमुळे की काय कोण जाणे, हत्याराच्या लायसन्सवर पत्रांचा गठ्ठाच आलाय. सगळी छापता येणार नाहीत म्हणून चार घेतली. नावं काढून टाकलीयत, गावं तेवढी ठेवली.

प्रश्न : वकील साहेब, राम राम. मी रावेर तालुक्यातला केळी बागायतदार, गाड्या भरतो, हिशोब रोखीत असतो म्हणून आठ वर्षांपासून .३२ चं रिव्हॉल्वर आहे, लायसन्स जळगाव कलेक्टर ऑफिसचं आणि एकदम क्लीन. पुढच्या महिन्यात भाचीचं लग्न सुरतला उधन्याला आहे, मी मामा, अंगावर सोनं राहणार, रात्रीचा गाडीचा प्रवास. आमचे शालक म्हणतात शर्टाच्या आत कमरेला लावलं की कोणाले दिसत नाही, कोण विचारतं. दुसरं म्हणजे बऱ्हाणपूरला तर माझं आठवड्यातून दोनदा जाणं, तिथं आजपर्यंत कोणी अडवलं नाही. तर आते काय करानं, घेऊन जाऊ की नको?

उत्तर : जिभाऊ, आधी कपाटातून लायसन्स काढा. रिव्हॉल्वर नको, लायसन्स. त्यात तुमचा फोटो, युआयएन म्हणजे परवानाधारकाचा ओळख नंबर, हत्याराचा नंबर वगैरे झालं की एक रकाना असतो, हे लायसन्स कुठल्या क्षेत्रात चालतं त्याचा. तिथं जिल्हा लिहिलेला असतो, नाहीतर राज्य, नाहीतर अखिल भारत. तुमच्या पत्रात बाकी सगळं आहे, सोन्याचं वजनसुद्धा आहे (ते मी छापलं नाही, असं पत्रात लिहू नका हो), फक्त त्या रकान्यात काय लिहिलंय तेवढंच नाही, आणि तुमच्या प्रश्नाचं सगळं उत्तर त्या एका ओळीत आहे.

तिथं 'महाराष्ट्र' असेल तर नवापूरपर्यंत तुम्ही परवानाधारक, पुढे गुजरातचं उच्छल लागलं की तुमच्या कमरेला एक हत्यार आहे आणि त्या हत्याराचा त्या मातीत कागद नाही. मध्य प्रदेशात बऱ्हाणपूरचंही तेच. आजपर्यंत कोणी अडवलं नाही याचा अर्थ चालतं असा नाही, तुम्ही आठवड्यातून दोनदा नशीब काढताय एवढाच. आणि रावेर, यावल, चोपडा या पट्ट्यातल्या माणसाला तर मी हे जास्तच कडक सांगीन, कारण सातपुड्यात उमर्टीच्या बाजूने येणाऱ्या गावठी कट्ट्यांमुळे दोन्हीकडचे पोलीस त्या रस्त्यांवर डोळ्यात तेल घालून असतात, त्यात तुमचं कानपूरचं नंबरी रिव्हॉल्वर सापडलं तर पहिला अर्धा तास तरी तुमच्याकडे कट्टेवाला म्हणूनच बघणार.

आता शालकांचा मुद्दा, दिसत नाही तर काय. गंमत अशीय की झाकून नेणं ही काही तुमची हुशारी नाहीच, तो कायदाच आहे. २०१६ च्या शस्त्र नियमांत नियम ३२ आहे, सार्वजनिक ठिकाणी पिस्तूल किंवा रिव्हॉल्वर न्यायचं तर ते अंगावरच्या होल्स्टरमध्ये किंवा पाठीवरच्या सॅकसारख्या पिशवीत पाहिजे, पूर्ण झाकलेलं पाहिजे आणि तुमच्या ताब्यात पाहिजे. म्हणजे गाडीच्या डॅशबोर्डवर ठेवणं, सफारीचं बटण उघडं टाकून दाखवणं, टेबलावर काढून ठेवून चहा पिणं हे सगळं आपल्या इथंसुद्धा नियमाबाहेर आहे, लायसन्स जाऊ शकतं. पण झाकल्याने क्षेत्र वाढत नाही ना! शर्टाच्या आत असो की बाहेर, हद्द ओलांडली की ओलांडली.

सापडलं तर काय होतं तेही सांगतो. १९५९ च्या शस्त्र कायद्यात दोन वेगळी कलमं आहेत. तुम्ही लायसन्सची अट मोडली एवढंच धरलं तर कलम ३०, सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही. पण तपास अधिकाऱ्याने असं धरलं की या राज्यापुरतं तुमच्याकडे लायसन्सच नाही, तर कलम २५, आणि २०१९ च्या दुरुस्तीनंतर तिथं कमीत कमी दोन वर्षं, जास्तीत जास्त पाच. कुठलं लागतं यावर कोर्टात वाद घालता येतो, मी घालीनही, पण तो वाद तुम्ही अटक झाल्यानंतर सुरू होतो आणि तोपर्यंत भाची सासरी जाऊन माहेरपणाला परत आलेली असते.

माझ्याकडे शिरपूरकडचा एक पक्षकार होता. बिजासन घाट ओलांडून मध्य प्रदेशात सेंधव्याला पाहुण्यांकडे निघालेला, नाकाबंदीत थांबवलं, त्याने स्वतःच प्रामाणिकपणे सांगितलं की साहेब हत्यार आहे, लायसन्स आहे. आणि लायसन्स घरी. रेशनकार्डाच्या प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून देव्हाऱ्याच्या खालच्या खणात जपून ठेवलेलं, हरवू नये म्हणून! पोराने मोटरसायकलवर आणून दिलं तोवर पंचनामा झालेला, आणि ते आणलं तर क्षेत्राच्या रकान्यात 'धुळे जिल्हा'. म्हणजे ते आणून उलट पुरावाच दिला. रिव्हॉल्वर मुद्देमालात गेलं ते कोर्टाच्या हुकमाने सुटून आलं तेव्हा सिलिंडर फिरत नव्हतं, गंजलं होतं, कापडात गुंडाळून त्याने ते माझ्या टेबलावर ठेवलं आणि काही न बोलता बसून राहिला.

मग सरळ मार्ग काय? कलेक्टर ऑफिसच्या गृह शाखेत क्षेत्र वाढवून मिळण्याचा अर्ज द्या, कारण लिहा, गुजरात-मध्य प्रदेशात केळीचा व्यापार आहे त्याची बिलं, पट्ट्या, जीएसटीचे कागद जोडा. लग्न हे कारण लिहू नका, कोणी मनावर घेणार नाही. बऱ्हाणपूरच्या व्यापाराला हे खरंच लागणार असेल तर करून ठेवाच, पण पुढच्या महिन्याच्या लग्नाआधी शेरा पडून येईल या भरवशावर राहू नका.

दुसरी गोष्ट, क्षेत्र 'अखिल भारत' असलं तरी लगेच निघू नका. जिथं जायचंय तिथं निवडणूक आहे का बघा. आपल्या निवडणुका आणि शेजाऱ्यांच्या निवडणुका वेगळ्या टायमाला येतात, गुजरातची विधानसभा २०२२ च्या डिसेंबरात झाली, मध्य प्रदेशची २०२३ च्या नोव्हेंबरात, आपली २०२४ च्या नोव्हेंबरात. आपल्याकडे आचारसंहिता नसते म्हणून माणूस बिनधास्त असतो आणि हद्दीच्या पलीकडे हत्यार बाळगायला बंदीचा हुकूम निघालेला असतो, नाक्यावर भरारी पथक रोकड आणि हत्यारं दोन्ही शोधत उभं असतं. असे हुकूम ज्याने निघायचे ते जुनं कलम १४४ आता १ जुलै २०२४ पासून नागरिक सुरक्षा संहितेत १६३ झालंय, नंबर बदलला, काम तेच.

तिसरी, लग्नाच्या मांडवात हत्यार घेऊन बसायचंच नाही. जत्रा, मिरवणूक, जमाव, शाळा-कॉलेज इथं खास परवानगीशिवाय न्यायचं नाही ही लायसन्सवरच अट असते. वरातीत मामाने एक बार काढावा असं कोणीतरी म्हणणारच, डीजे लागला की म्हणतातच, तर २०१९ पासून आनंदाच्या गोळीबाराला वेगळी शिक्षा आहे, कोणाच्या जिवाला धोका झाला की दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. मग तुम्ही म्हणाल मांडवात नेत नाही, गाडीत ड्रायव्हरजवळ ठेवतो. नाही चालत. तुमच्या समोर किंवा तुमच्या लेखी अधिकाराने दुसऱ्याने हत्यार नेण्याची सवलत कलम ३ मध्ये आहे, पण ती दुरुस्तीसाठी, लायसन्स नूतनीकरणासाठी किंवा तुमच्याच वापरासाठी नेऊन देण्यापुरती आहे, तुम्ही जेवताय आणि तो डिक्कीत हत्यार टाकून पान खायला गेलाय याला ती लागू होत नाही.

माझं विचाराल तर सोनं दिवसा न्या, रात्री नको, आणि रिव्हॉल्वर घरी कुलपात ठेवा.

प्रश्न : मी नंदुरबारचा, दुकान आहे. लायसन्सवर क्षेत्र महाराष्ट्र. आमचे व्याही नवापूरला असतात, मी ट्रेनने जातो. एकाने घाबरवून दिलं की नवापूर स्टेशन अर्धं गुजरातमध्ये आहे म्हणून तिथं उतरलं तरी गुन्हा होतो. हाई कितलं खरं शे?

उत्तर : स्टेशनचं खरं शे! सुरत-भुसावळ लाइनवरचं हे स्टेशन दोन राज्यांत आहे, तिकीट खिडकी आपल्याकडे, स्टेशन मास्तरचं ऑफिस गुजरातकडे, प्लॅटफॉर्मवर एका बाकाच्या मधून हद्दीची रेघ गेलीय, लोक त्यावर एक पाय इकडे एक पाय तिकडे करून फोटो काढतात. आता तुमचा डबा रेघेच्या पलीकडे थांबला आणि तुम्ही पन्नास पावलं चालत महाराष्ट्रात आलात म्हणून कोणी शहाणा अंमलदार तुमच्यावर केस करेल असं मला वाटत नाही, पण कागदावर बघितलं तर तेवढी पन्नास पावलं तुमचं लायसन्स बोलत नाही, हे नाकारता येत नाही. बसने जा ना, नंदुरबारहून नवापूरला एसटी आहे. व्याह्यांकडे जाताना हत्यार कशाला लागतं हा प्रश्न मी विचारत नाहीये, तो तुमच्या घरातला मामला.

एक मात्र, तिकडे मुक्काम तीस दिवसांच्या वर जाणार असेल आणि हत्यार सोबत असेल तर तिथल्या आणि आपल्या, दोन्ही परवाना अधिकाऱ्यांना कळवावं लागतं, पत्ता बदलल्यासारखंच. दुकानदार माणूस महिनाभर व्याह्याकडे राहत नाही म्हणा.

प्रश्न : दादा, मी अमळनेरची. मुलगा अमेरिकेत फिलाडेल्फियाला आहे, एच-वन-बी व्हिसावर. त्याच्यासोबत राहणाऱ्या मित्राकडे पिस्तूल आहे, तो तिथला नागरिक आहे आणि त्याच्याकडे लपवून बाळगायचं परमिट पण आहे म्हणे. दोघं दर शनिवारी किराण्याला आणि नवरात्रात गरब्याला न्यू जर्सीत एडिसनला जातात. मुलगा म्हणतो तिथं सगळ्यांकडे असतं, मी पण घेणार आहे. मला रात्री झोप नाही.

उत्तर : ताई, मी तिथला वकील नाही, पण काही गोष्टी इतक्या उघड आहेत की सांगतो, आणि हे कात्रण त्याला व्हॉट्सअॅप करा. पहिली, तुमच्या मुलाने घ्यायचंच नाही. तिथल्या केंद्राच्या कायद्यात तात्पुरत्या व्हिसावरच्या माणसाने बंदूक किंवा काडतूस बाळगणं हाच गुन्हा आहे, शिकारीचं वैध लायसन्स असणं असे थोडेच अपवाद, आणि शिक्षा १५ वर्षांपर्यंत जाते. ग्रीन कार्डवाल्याची गोष्ट वेगळी, एच-वन-बी वेगळा. 'सगळ्यांकडे असतं' हे ज्यांच्याकडे असतं त्यांच्याबद्दल खरं आहे.

दुसरी, त्या मित्राचं परमिट. लोकांना वाटतं अमेरिकेत बंदुकीला मोकळं रान, पण लपवून बाळगण्याचं परमिट तिथं राज्याराज्याचं असतं, सगळ्या देशात चालेल असं एक परमिट सामान्य माणसाला मिळत नाही. टेक्सासमध्ये १ सप्टेंबर २०२१ पासून परमिटशिवायही चालतं आणि न्यू जर्सी दुसऱ्या कुठल्याच राज्याचं परमिट मानत नाही. म्हणजे पेनसिल्व्हेनियातल्या फिलाडेल्फियाहून निघून हद्दीवरच्या डेलावेअर नदीचा पूल ओलांडला की मित्राची गत आपल्या रावेरच्या जिभाऊंसारखी. २०१३ मध्ये पेनसिल्व्हेनियाचं परमिट असलेली एक बाई, दोन मुलांची आई, न्यू जर्सीत साध्या ट्रॅफिक चेकिंगला थांबली, तिने स्वतः सांगितलं की माझ्याकडे पिस्तूल आहे आणि परमिट आहे, आणि तिला तिथेच अटक झाली. साडेतीन वर्षांची किमान शिक्षा समोर होती, शेवटी तुरुंग कसाबसा टळला आणि २०१५ मध्ये न्यू जर्सीचे तेव्हाचे गव्हर्नर ख्रिस ख्रिस्ती यांनी माफी दिली. मला तर ते वाचताना आमचा शिरपूरवालाच आठवला, प्रामाणिकपणे बोलला आणि अडकला.

१९८६ चा त्यांचा एक केंद्रीय कायदा आहे, त्यात वाटेतल्या राज्यातून जाताना संरक्षण मिळतं, पण निघालो तिथं आणि पोचणार तिथं दोन्हीकडे बाळगणं कायदेशीर असलं पाहिजे, पिस्तूल रिकामं पाहिजे, ते आणि गोळ्या बसल्या जागेवरून हाताशी येता कामा नयेत, डिक्की वेगळी नसेल तर कुलूपबंद पेटीत, आणि समोरचा ग्लोव्ह बॉक्स त्या पेटीत धरत नाहीत. कमरेला लावून एडिसनच्या गरब्याला जाणं यात कुठंच बसत नाही. आणि एकाच गाडीत बसल्यामुळे तुमच्या मुलालाही चौकशीत ओढतील, व्हिसावरच्या पोराला ते परवडणारं नाही. शनिवारी पिस्तूल घरी ठेवून जा म्हणावं, नाहीतर किराणा फिलाडेल्फियातही मिळतो.

प्रश्न : धुळ्याहून लिहितोय. वडील वारले, त्यांची जुनी रेक्झिनची बॅग मी पुण्याहून विमानाने दिल्लीला जाताना वापरणार आहे. त्यांच्याकडे १२ बोरची बंदूक होती, ती आम्ही रीतसर जमा केली. काही अडचण नाही ना? लायसन्सवालं हत्यार विमानात नेता येतं का हेही सांगा.

उत्तर : लायसन्सवालं नेता येतं, पण केबिनमध्ये नाही, रिकामं करून, काउंटरवर आधी सांगून, लगेजमध्ये. माणशी एक हत्यार आणि ५० काडतुसांपर्यंत, आणि परत तेच, दिल्लीत चालेल असं क्षेत्र लायसन्सवर पाहिजे. कंपनीला आदल्या दिवशी फोन करा.

पण दादा, खरा प्रश्न तुमच्या बॅगेचा आहे. बापाची, सासऱ्याची बॅग आणि तळात विसरलेलं एक जिवंत काडतूस, एक्सरे मशीनमध्ये ते लगेच दिसतं आणि पुढे थेट एफआयआर. काडतूस आहे हे माहीतच नव्हतं, जाणीवपूर्वक ताबा नव्हता, या मुद्द्यावर हायकोर्टांनी अशा बऱ्याच केसेस रद्द केल्यात, पण विमान गेलेलं असतं आणि तारखा सुरू झालेल्या असतात. बॅग अंगणात नेऊन उलटी करा, सगळ्या चेनी उघडा, अस्तर फाटलंय का बघा आणि फाटलं असेल तर आत हात घाला, काडतूस तिथंच घसरून बसलेलं असतं. सापडलं तर विहिरीत नका टाकू, बंदूक जमा केल्याची पावती घेऊन पोलीस स्टेशनला जमा करा आणि त्याचीही पावती घ्या. आणि मन मानत नसेल तर नवीन बॅग घ्या.